ओला रंग वाळेपर्यंत

माझ्या मुलीच्या वहीतली पानं मी फाडली. रागाच्या भरात नाही, भांडणात नाही. दसऱ्याआधीची गर्दी होती, काउंटरवर गिऱ्हाईक उभं होतं आणि मला जाड पांढरा कागद हवा होता, एवढ्यासाठी. रागात फाडली असती तर निदान त्याच दिवशी वाईट वाटलं असतं. मी ती अगदी सहज फाडली, आणि सहज केलेली चूक माणसाला फार उशिरा दिसते. मला ती दिसायला तीन वर्षं लागली आणि त्यासाठी आधी माझा एक डोळा अधू व्हावा लागला. हे मी लिहितो आहे ते कुणाला चमत्कार सांगावा म्हणून नाही. जसं घडलं तसं सांगतो. त्यात कृपा कुठं होती ते वाचणाऱ्यानं आपल्यापुरतं ठरवावं. मी माझ्यापुरतं ठरवलं आहे.

कोल्हापुरात लक्ष्मीपुरीत माझं रंगाचं दुकान आहे. दुकान खाली, घर वर. हल्ली रंग मिसळायला मशीन असतं, शेड कार्डावरचा नंबर दाबला की डबा तयार होतो. पण जुन्या भिंतीचा, उन्हापावसानं उतरलेला रंग जुळवायचा असेल तर मशीनचा उपयोग नाही. तिथं हात आणि डोळा लागतो. लोक भिंतीचा पोपडा कागदात गुंडाळून घेऊन येतात. मी पांढऱ्यात थेंब थेंब रंग घालत जातो आणि जाड कागदावर तळहाताएवढा चौकोन ओढून बघतो. मग थांबतो. ओला रंग खरा दिसत नाही, वाळताना तो बदलतो. म्हणून तो वाळेपर्यंत मी कुणाशी बोलत नाही, कुणी बोलायला लागलंच तर हात वर करून थांबवतो. गिऱ्हाईक कितीही घाईला आलेलं असो, "पावणं, ओल्या रंगावर मी निकाल देत न्हाय," हे माझं ठरलेलं वाक्य. वाळल्यावर तो कागद मी गिऱ्हाइकाच्या हातात देतो. घरी न्या, भिंतीला लावा, सकाळच्या उजेडात बघा आणि मग सांगा. माझ्या हातानं असे किती कागद गावोगाव गेले असतील, कुणास ठाऊक.

सई माझी एकुलती एक मुलगी. लहानपणी शाळेतून आली की काउंटरच्या टोकाला डिस्टेंपरची बादली पालथी घालून त्यावर बसायची. ज्योतिबा आमचं कुलदैवत. सहा वर्षांची असताना तिला डोंगरावर नेलं होतं. गुलालानं पायऱ्या, माणसं, कुत्रीसुद्धा एका रंगाची झालेली पाहून तिनं मला विचारलं, "पप्पा, देवाचा रंग हाच असतो का?" मी तिला गुलालाच्या रंगाचा शेड नंबर सांगितला होता. आम्ही दोघं तेव्हा खूप हसलो होतो. आज मला त्याचं हसू येत नाही. तिनं देवाविषयी विचारलं होतं आणि मी तिला दुकान दाखवलं होतं.

पुढं कॉलेजात गेल्यावर तिनं एक जग रचायला घेतलं. आपण राहतो ते नव्हे, मनातलं. दिवेघळ नावाचं एक खोरं, तिथले डोंगर, तिथली माणसं, त्यांचं तत्त्वज्ञान, सगळं ती एका जाड कागदाच्या, हातानं शिवलेल्या वहीत लिहायची. मला कधी उत्साहानं सांगायला लागली की मी डब्यांची यादी करत "हूं, हूं" करायचो. वहीत एक पान लिहिलेलं आणि पुढचं पान कोरं, अशी रचना होती. कोऱ्या पानाच्या अगदी तळाशी बारीक अक्षरात एखादी ओळ असायची. कागदाच्या पाठीमागं ती लिहीत नसे. दसऱ्याच्या आधी माझा नमुन्याचा कागद संपला, वर कपाटात ही वही दिसली, अर्धी वही मोकळी पडलेली. एवढा चांगला कागद वाया चाललाय, असं मनात आलं. मी एक पान फाडलं. संध्याकाळपर्यंत आणखी काही फाडली. दुसऱ्या दिवशी आणखी. किती ते मोजलंही नाही. तळाची ओळ एकदाही वाचली नाही.

चार दिवसांनी सई वही घेऊन खाली दुकानात आली. दुकानात तीन-चार गिऱ्हाइकं होती, आणि आमचा मारुती पेंटर होता. मारुती वीस वर्षं माझ्याकडूनच रंग नेतो, तोंडाचा फटकळ पण मनाचा सरळ माणूस.

"पप्पा, ह्यातली पानं कुठं गेली?"

"नमुन्याला वापरली की. कोरीच तर हुती."

"कोरी नव्हती, पप्पा."

"काय हुतं त्यात, ताई?" मारुती म्हणाला. "आमाला दिसत न्हाई असल्या शाईनं लिवलंतं काय?"

लोक हसले. तिथं मला गप्प बसता आलं असतं. पण दुकानदाराला काउंटरमागं उभं राहिलं की चार माणसांत गप्प बसणं जमत नाही. मी म्हणालो, "कोऱ्या भिंतीपुढं बसून रंग बघणाऱ्या लोकांचं पुराण लिहितीया ती. तीस वर्षं मी रंगच बघतोय, मला कुठं देव दिसला? रंग बघत बसून पोट भरत न्हाय बाई, विकून भरतंय."

सगळे पुन्हा हसले. सई हसली नाही, रडली नाही. तिनं वही मिटली. पानं निघाल्यामुळं शिवण सैल झाली होती, म्हणून दोन्ही हातांनी दाबून धरली आणि जिना चढून वर गेली. दोन महिन्यांत तिनं पुण्याला नोकरी धरली. वही कपाटातच ठेवून गेली. त्यानंतर ती आईला फोन करायची, "पप्पा बरे आहेत ना?" एवढं विचारायची आणि माझ्यापर्यंत फोन यायच्या आत काहीतरी काम निघायचं. दिवाळीला दोन दिवस यायची, पाहुण्यासारखी राहून जायची. मंगल, म्हणजे तिची आई, मला म्हणायची, "एकदा बोला की तिच्याशी." मी म्हणायचो, काय बोलू, पानं तर गेली. खरं कारण वेगळं होतं. माफी मागायची म्हणजे त्या दिवशी दुकानात मी जे बोललो ते परत आठवावं लागणार होतं.

यंदा पावसाळा संपता संपता माझ्या उजव्या डोळ्यापुढं काळे ठिपके नाचायला लागले. सीझनच्या तोंडावर कोण डॉक्टरकडे जातो, म्हणून मी आठवडा काढला. मग एका सकाळी त्या डोळ्याच्या कडेनं सावली आत सरकायला लागली, कुणी हळूहळू शटर ओढावं तशी. डॉक्टर म्हणाले, डोळ्याच्या आतला पडदा सुटलाय, आधी यायला हवं होतं. दुसऱ्या दिवशी ऑपरेशन झालं. डोळ्यात वायूचा बुडबुडा भरला आणि सांगितलं, आठ दिवस पालथं राहायचं. जेवताना, बसताना, झोपताना, तोंड जमिनीकडेच. मान वर केली तर बुडबुडा जागा सोडेल आणि केलेलं सगळं फुकट जाईल. नजर किती येईल ते त्यानंतर कळेल.

रंग जुळवताना मी कायम डावा डोळा मिटून उजव्यानं बघत आलो. तोच डोळा पट्टीखाली होता. टेबलावर उशी, उशीवर कपाळ, आणि डाव्या डोळ्याला फक्त फरशीचा एक तुकडा दिसत होता. मंगल खाली दुकान बघायची आणि अधूनमधून वर येऊन मला पाणी द्यायची. सईला कळवू का, असं तिनं पहिल्याच दिवशी विचारलं. मी नको म्हणालो. एवढ्या लांबून ती काय करणार, असं तोंडानं म्हणालो. मनात दोन प्रकारची भीती होती. एक, ती येणार नाही. दुसरी, ती येईल, माझी सेवा करील आणि काहीच बोलणार नाही. दुसरी जास्त मोठी होती.

मी ज्योतिबाचा धावा करत होतो, पण तो कसला धावा. सौदा होता. नजर परत दे, मी पायी डोंगर चढतो. नजर परत दे, पाच रविवार अनवाणी डोंगरावर येऊन खेटे घालतो. तीस वर्षं गिऱ्हाइकाशी बोललो तसाच देवाशी बोलत होतो. पाचव्या दिवशी माझं सगळं बोलून संपलं. सहाव्या दिवशी सकाळी मान आणि पाठ अशी भरून आली की वाटलं, उठावं, डोकं वर करावं, जे व्हायचं ते होऊ दे. मी टेबलाच्या कडेला हात टेकलेही होते. तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. मंगलचा आवाज आला, "या सर, मालक हितंच हायत. पण त्यास्नी वर बघता येत न्हाय."

"मग आपण खाली बसू की," कुणीतरी अनोळखी आवाजात म्हणालं.

मला दिसले ते पाय. भेगाळलेल्या टाचा, स्वच्छ कापलेली नखं. मग धोतराची नव्हे, इस्त्रीच्या पांढऱ्या विजारीची घडी. माणूस सरळ माझ्यासमोर फरशीवर मांडी घालून बसला.

"काय पावणं, रुसलाय व्हय? तोंड लपवून बसलाय त्ये."

त्यांनी आपली ओळख सांगितली. पेठ वडगावचे कांबळे सर, शाळेतून निवृत्त झालेले. तीन वर्षांपूर्वी, धम्मचक्र दिनाच्या आधी, त्यांच्या वस्तीतल्या विहाराच्या जुन्या भिंतीचा निळा रंग मी जुळवून दिला होता. माणूस मला आठवेना. तो निळा मात्र लगेच आठवला. उन्हानं विटलेला, त्यात काळ्याचा अगदी इवलासा थेंब घालावा लागला होता. यंदाच्या पावसानं भिंतीला ओल धरली, तोच निळा पुन्हा हवा होता.

"नमुना आणलाय मी," ते म्हणाले. "तुम्हीच दिलता. आणि एक इचारायचं बी हाय. पर मान वर करू नका. मी खालीच ठिवतो."

त्यांनी पिशवीतून प्लास्टिकच्या पाकिटात जपलेला एक कागद काढला आणि फरशीवर सरकवत बरोबर माझ्या डोळ्याखाली आणून ठेवला.

तो निळा चौकोन मी ओढलेला होता. त्याच्या खाली, पानाच्या अगदी तळाशी, सईचं बारीक अक्षर होतं. 'हा रंग तुला ओळखत नाही. म्हणून ह्याच्यापुढं खोटं बोलायची गरज नाही.'

मी ती ओळ पहिल्यांदा वाचत होतो. माझ्या हातून गेलेलं ते पान तीन वर्षं फिरून माझ्या तोंडाखाली येऊन थांबलं होतं, आणि मी अशा बैठकीत होतो की मला मान वळवताही येत नव्हती. पालथ्या माणसाचे अश्रू गालावर येत नाहीत, सरळ खाली पडतात. सरांनी कागद चटकन मागं ओढला.

"भिजवू नका, पावणं. लई जपलाय त्यो."

मग त्यांनी सांगितलं. रंग घेऊन गेले त्याच सुमाराला त्यांच्या पत्नी अंथरुणाला खिळल्या. नमुन्याचा कागद सहज त्यांच्या खाटेशेजारच्या भिंतीला टाचणीनं लावलेला होता. त्या दिवसभर त्याच्याकडं बघत पडायच्या. खालची ओळ काय आहे ते त्यांनी सरांकडून वाचून घेतलं आणि मग रोज एकदा वाचायला लावू लागल्या. शेवटच्या चार महिन्यांत त्या दोघांमध्ये आयुष्यभर न झालेली बोलणी झाली, असं सर म्हणाले. कसली ते त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. पत्नी गेल्यावर ते रोज सकाळी त्याच कागदापुढं श्वासाकडं लक्ष ठेवून बसतात. "त्या निळ्याफुडं मला थापा मारता येत न्हाईत," ते म्हणाले. "म्हणून इचारायचं हुतं, ह्ये लिवलंय कुणी? वहीचं पान दिसतंय. आणि लिवणारं माणूस हाय कुठं?"

"माझी लेक हाय. पुण्यात असती," मी म्हणालो. आणि मग मी त्यांना सगळं सांगितलं. पानं, दुकान, हसणारी माणसं, माझं वाक्य, सगळं. कुणालाच न सांगितलेलं मी एका परक्या माणसाच्या पायांकडं बघत सांगत होतो. समोर चेहरा नव्हता म्हणून सांगता आलं असावं. त्यांनी मध्ये एकदाही अडवलं नाही.

"मला सांगून काय उपयोग, पावणं?" ते शांतपणे म्हणाले. "माझी कुठं फाडलीसा?"

मी म्हणालो, "सर, आज मी हितनं उठणार हुतो. देवानंच धाडलं बघा तुम्हाला."

"देवाचं मला म्हाईत न्हाई. मी एष्टीनं आलोय."

सहा दिवसांत पहिल्यांदा मी हसलो, कपाळ उशीवर ठेवूनच. तेही हसले. जाताना त्यांनी तो कागद माझ्यापाशीच ठेवला. मी नको नको म्हणालो तर म्हणाले, "ऱ्हाऊ द्या. मला ओळ पाठ हाय आणि आता निळा बी पाठ झालाय. भिंतीची घाई न्हाई. डोळा बरा झाला की जुळवा. भिंत काय पळून चालली न्हाई."

त्या दुपारी दुकान बंद करून मंगल वर आली तेव्हा मी तिला कपाटातली वही काढायला सांगितली. मी पालथा, ती शेजारी खुर्चीत, आणि ती वाचू लागली. मंगलला मोठ्यानं वाचायची सवय नाही. बोट ठेवून, थांबत थांबत वाचायची. त्या सावकाश वाचण्यामुळंच ते माझ्या आत गेलं असेल.

दिवेघळात कुठल्याच वस्तूला जन्मतः रंग नसतो. गवत पांढरं उगवतं, पाखरं पांढरी जन्मतात. कुणीतरी त्यांच्यापुढं शांत बसावं लागतं, मग त्यांचा रंग हळूहळू उतरतो. तिथं एक पंथ आहे, त्यातल्या माणसांना 'थांबणारे' म्हणतात. त्यांना देऊळ नाही, मूर्ती नाही. मोकळ्या अंगणात एक पांढरी भिंत आहे. जो येईल त्यानं आधी अंगण झाडायचं आणि मग भिंतीपुढं बसायचं. त्यांचं म्हणणं एवढंच की रंग आपण देत नाही, तो येतो. आपलं काम जागा मोकळी ठेवणं. बसल्यावर पहिल्यांदा येतो तो तुला हवा असलेला रंग, त्याला जाऊ दे. मग येतो तो तुला भीती वाटणारा रंग, त्यालाही जाऊ दे. तिसरा येईल की नाही ते तुझ्या हातात नाही. आणि आला तर तो कुठला, हे कुणी कुणाला विचारत नाही. वहीतलं प्रत्येक कोरं पान ही त्या अंगणातली भिंत होती. वाचणाऱ्यानं तिथं थांबावं म्हणून तिनं ती मोकळी सोडली होती. त्या भिंतींवर मी गिऱ्हाइकांसाठी रंग फासला होता.

"ह्यात देव कुठं हाय ओ?" मंगलनं मध्येच विचारलं. मी म्हणालो, वाच पुढं.

मग रेवणा आली. या पंथाची पहिली थांबणारी. ती रंगारीण होती, जन्मभर कापडाला रंग देत आलेली. एका दुष्काळात तिचे हौद आटले आणि दुसरं काही करण्यासारखं नाही म्हणून ती पांढऱ्या कापडापुढं बसून राहिली. तिसऱ्या दिवशी कापडात असा रंग उतरला, जो तिच्या कुठल्याच हौदात कधी झाला नव्हता. मंगल वाचत होती, "रेवणा बसली की बोलत नसे. कुणी विचारलं तर हात वर करून थांबवी. तिच्या नखांत कायम रंग असे. ती म्हणे, ओल्या रंगावर निकाल देऊ नये. माणसावरही देऊ नये, माणूसही वाळायचा असतो."

मंगलचं बोट थांबलं. ती म्हणाली, "ओ. ही रेवणा तुमीच की."

मी पालथा होतो हे बरं होतं. बादलीवर बसलेली ती पोरगी वर्षानुवर्षं काय बघत होती ते मला आता कळलं. तिनं मला तिच्या जगात सगळ्यांत वर बसवलं होतं. माझ्या हाताचं थांबणं तिला पूजेसारखं वाटलं होतं आणि तिनं त्याचं तत्त्वज्ञान केलं होतं. आणि मी मात्र चार माणसांत तिच्यावर ओल्या रंगावरच निकाल देऊन मोकळा झालो होतो.

पुढचे दोन दिवस मी ज्योतिबाकडं काही मागितलं नाही. फरशीचा तो तुकडा माझं अंगण झालं. मी तिच्या वहीत सांगितलं तसा थांबलो. पहिल्यांदा आला तो माझ्या दुकानाच्या नव्या बोर्डाचा झगमगीत पिवळा, मला हवा असलेला, सगळं पूर्वीसारखं व्हावं असा. त्याला जाऊ दिलं. मग आला काळा, उजव्या डोळ्यातल्या त्या शटरचा. तो लवकर जाईना. पण पाठ दुखत असूनही मी उठलो नाही, त्याच्याशी भांडलोही नाही. कधी गेला ते कळलं नाही. त्यानंतर जो आला तो मी मागितला नव्हता. तो कुठला होता ते इथं लिहीत नाही, दिवेघळात ते सांगायची पद्धत नाही. एवढंच लिहितो की तो आला तेव्हा माझ्या मनात नजर येईल की नाही हा प्रश्न राहिला नव्हता. दुसरंच एक काम राहिलं होतं आणि त्याला डोळा लागत नव्हता.

पट्टी निघाली. डॉक्टर म्हणाले, पडदा बसलाय, नजर सावकाश येईल, पूर्वीइतकी येणार नाही. बुडबुडा विरत गेला तसं हळूहळू दिसू लागलं. उजव्या डोळ्याला आज सगळे रंग किंचित राखाडी दिसतात, वर पांढऱ्याचा पातळ हात फिरवल्यासारखे. मी त्यावर समाधानी आहे असं नाही म्हणणार, पण भांडण नाही. ज्यानं तो पांढरा हात फिरवला त्याला काही दाखवायचं असेल.

सईला फोन मी स्वतः लावला. म्हणालो, "माझ्या डोळ्याचं ऑपरेशन झालंय. आता बरा आहे. पण त्यासाठी बोलवत नाही. एक काम आहे, दुकानात ये." ती म्हणाली, "रविवारी सकाळी येते." मी मारुतीलाही त्या वेळी यायला सांगितलं. त्यानं कारण विचारलं, मी सांगितलं नाही. जिथं बोललो होतो तिथंच, ज्याच्यासमोर बोललो होतो त्याच्यासमोरच हे व्हायला हवं होतं.

रविवारी ती खांद्याला बॅग लावूनच दुकानात शिरली. आईच्या गळ्यात पडली, मग जवळ येऊन माझ्या डोळ्याकडं बघितलं. मारुती काउंटरला टेकून उभा होता. "काय सईताई, पुण्याचं पाणी मानवलं की," तो म्हणाला. "हितं पप्पा तुमच्या आठवणीनं वाळून काटकी झालेत, आणि तुमी गुटगुटीत." ती कसंबसं हसली. दोन गिऱ्हाइकंही आली होती. मी त्यांना थांबायला सांगितलं.

मी कांबळे सरांचा कागद काउंटरवर ठेवला. सईनं तो बघितला. तिचा हात पुढं आला आणि कागदाच्या कडेशी थांबला. हा कागद कुठून आला, कुणाच्या खाटेशेजारी होता, कुणी त्याच्यापुढं बसून काय केलं, ते मी तिला थोडक्यात सांगितलं. ती ऐकत होती आणि ओळीवरून बोट फिरवत होती. मग मी पांढऱ्याच्या डब्यात निळा घालायला सुरुवात केली, काळ्याचा इवलासा थेंब घातला आणि बाजारातून आणलेल्या नव्या जाड कागदावर चौकोन ओढला.

"बघ जुळलाय का," मी म्हणालो. "माझ्या उजव्या डोळ्याचा आता भरवसा न्हाय."

"अजून ओला आहे, पप्पा," ती म्हणाली.

मग आम्ही थांबलो. मारुतीनं काहीतरी बोलायला तोंड उघडलं तेव्हा सईनं हात वर करून त्याला थांबवलं, अगदी माझ्यासारखं. मारुती चक्क गप्प बसला. वर पंखा फिरत होता. कडेपासून आत आत निळा बदलत गेला. सई कोपऱ्यातली बादली ओढून तिच्यावर बसली, पूर्वी बसायची तशी, आणि आम्ही दोघं त्या चौकोनाकडं बघत राहिलो. तो पुरता वाळल्यावर तिनं सरांचा कागद त्याच्या शेजारी धरला आणि मान हलवली. जुळला होता.

तेव्हा मी काउंटरमागून बाहेर आलो, तिच्यासमोर उभा राहिलो आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "तुझी पानं कोरी नव्हती, सई. मी बघितलंच न्हाय. आणि ह्याच लोकांत तुला हसलो. चुकलं माझं. मी तुझी माफी मागतो."